तीट नसलेले गुलाब

१

“आणून ठेव रे आता. पुरे झाली तुझी चेष्टा.”

शनिवारी सकाळी साडेनऊला श्रीनिवास लंडनमधल्या इल्फर्डच्या दुकानाचं शटर वर करत होता. एका हातात कुलूप, दुसऱ्या हातात फोन, आणि फोनमध्ये डॉक्टर गिरीश राजाध्यक्ष. नमस्कार नाही, कसा आहेस नाही.

“काय आणून ठेवू, डॉक्टर?”

“अलकाचं चित्र. भिंतीवर लटकतंय ते तिचं नाही. तू बदललंस.”

“मी?”

“मग दुसरं कोण करतं असले धंदे?”

प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता. चोपन्न वर्षांचा घोडा, फ्रेमा बनवायचं स्वतःचं दुकान, डोक्यावर केस मोजून घ्यावेत इतके. पण मंडळाच्या गणपतीत अध्यक्षांच्या खुर्चीवर आवाज करणारी रबरी पिशवी कुणी ठेवली, हे विचारायची वेळ कुणावर येत नसे. डॉक्टर रिटायर झाले त्या दिवशी त्यांच्या पिनरच्या घरासमोर ‘फॉर सेल’चा बोर्ड त्यानंच ठोकला होता. तीन पार्ट्या घर बघायला आल्या. त्यातल्या एका जोडप्याला अलकाताईंनी चहा पाजून वरच्या खोल्यासुद्धा दाखवल्या, आणि मग स्वतःच हसून हसून जिन्यात बसल्या.

अलकाताई गेल्या त्याला उद्या वर्ष होत होतं.

“डॉक्टर,” श्रीनिवास म्हणाला, “अलकाताईंची शपथ. मी नाही हो.”

पलीकडे खुर्ची करकरली.

“नाही ना?” डॉक्टर म्हणाले. आवाज एकदम लहान झाला होता. “मग शाल्मली म्हणते तेच खरं असेल. माझंच डोकं गेलं असेल.”

श्रीनिवासनं शटर परत खाली ओढलं.

२

दार शाल्मलीनं उघडलं. डॉक्टरांची एकुलती एक मुलगी. जन्म इथला, नोकरी कॉव्हेंट्रीला, फिजिओ. मराठी बोलायची, पण घाईत असली की शब्दांचे हातपाय मोडायचे.

“श्रीदादा, इफ इट्स यू, प्लीज. नॉट फनी.”

“मी नाही, शाल्मली.”

“मग तर जास्त वाईट.” ती तिथंच पॅसेजमध्ये थांबली, आवाज खाली आणून म्हणाली, “काल दुपारपासून बाबा एकच गोष्ट बोलतो. हा पेंटिंग तिची नाही, हा पेंटिंग तिची नाही. मी बघितलं ना! सेम रोझेस, सेम फ्रेम. मंडे मॉर्निंगला कॉव्हेंट्रीच्या केअर होममधली बाई येणार आहे, असेसमेंटला. मी तिला सांगणार होते, डोळे गेले तरी माइंड शार्प आहे, थोडा हेल्प मिळाला तर तो इथेच राहू शकतो. आता काय सांगू? भिंतीसमोर उभा राहून रडतो, असं सांगू?”

“आणि मग?”

“मग हा घर विकायचा.” तिनं नाक पुसलं. “मला नको आहे, ओके? मी व्हिलन नाही.”

म्हणजे हिशेब सरळ होता. चित्र बदललेलं असेल, तर डॉक्टर शहाणे आणि घर त्यांचं. बदललेलं नसेल, तर सोमवारी सामान बांधायला सुरुवात.

डॉक्टर पुढच्या खोलीत चित्राखालच्या खुर्चीत बसले होते. चाळीस वर्षं लोकांचे मोडलेले हात जोडले त्या माणसानं; आता स्वतःचे मांडीवर ठेवले होते, कुणी विसरून गेलेल्या हातमोज्यांसारखे.

“ये. मला डोळ्यासमोरचं मधलं दिसत नाही, कडेचं दिसतं. तुझे कान दिसतायत, तोंड नाही. बरंच आहे ते.”

“मग चित्र बदललेलं कळलं कसं?”

“बोटाला.” त्यांनी अनामिका वर केली. “रोज सकाळी चहाच्या आधी मी त्या चित्राला हात लावतो. डाव्या बाजूला, वरच्या कोपऱ्यात. तिथं ठिपका असतो. गुरुवारी होता. काल सकाळी हॉस्पिटलच्या गडबडीत राहिलं. दुपारी आल्यावर लावला, तर नाही.”

तो ठिपका श्रीनिवासला माहीत होता. अलकाताई कौन्सिलच्या लायब्ररीतून रिटायर झाल्या आणि फुलं रंगवायच्या नादाला लागल्या. त्यांचा गुरू एकच, शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी वारलेला एक फ्रेंच माणूस, फांतँ-लातूर. हे नाव पहिल्यांदा ऐकल्यावर श्रीनिवासनं विचारलं होतं, “म्हणजे मराठवाड्यातला?” तेव्हापासून ह्या घरात तो ‘लातूरकर’ झाला. लातूरकर सही चित्राच्या वरच्या कोपऱ्यात करायचे. कॉपी करणाऱ्यानं सगळं उतरवावं, सही उतरवू नये. म्हणून अलकाताई त्या जागी बोटानं काळ्या रंगाचा एक ठिपका द्यायच्या. तीट. इतकी सुंदर फुलं, दृष्ट लागायला नको.

श्रीनिवासनं चित्र उतरवलं. काचेच्या फुलपात्रात गुलाब, पांढरे आणि फिके गुलाबी, मागे राखाडी-तपकिरी भिंत. गुलाब तेच. पण पाकळ्या जाड, ठोकळ, जणू रंग थापलाय. कोपऱ्यात ठिपका नाही. त्यानं फ्रेम उलटी केली.

प्रत्येक फ्रेमच्या पाठीवर जाड खाकी कागद चिकटवून त्यावर पेन्सिलीनं एक छोटं गाढव काढायचं, ही त्याची सवय. गिऱ्हाइकाला कधीच कळत नाही. हे गाढव त्यानंच दोन वर्षांपूर्वी काढलेलं.

गाढवाची मान कापलेली होती.

कागद चारही बाजूंनी कापला होता, ओळीत, न अडखळता, आणि वरून पांढरी पट्टी लावून परत बंद केला होता. हॉस्पिटलात सुई लावल्यावर लावतात ती कागदी पट्टी, मायक्रोपोर. चार पट्ट्या, आणि प्रत्येकीचं टोक किंचित दुमडलेलं.

“डॉक्टर,” तो म्हणाला, “तुमचं डोकं जागेवर आहे. चित्र बदललंय.”

डॉक्टरांनी डोळे मिटले. शाल्मली मात्र दारात हाताची घडी घालून उभी होती.

“तुम्ही त्याला बरं वाटावं म्हणून बोलता. पेपर कापला, सो व्हॉट? ते पण तुम्हीच कापला असेल. सगळ्यांना माहीत आहे तुम्ही कसे आहात.”

“जुना फोटो असेल ना एखादा?”

“सगळ्या फोटोत माणसं पुढे. मागे नुसता ब्राउन.”

आयुष्यभर लोकांना खोटं खरं वाटायला लावलं, आणि आज पहिल्यांदा खरं बोलतोय तर कुत्रं विचारत नाही, असं श्रीनिवासच्या मनात आलं.

“उद्याच्या जेवणापर्यंत वेळ दे,” तो म्हणाला. “हे कुणी केलं ते सांगतो. चित्रासकट.”

३

किल्ल्या तीन जणींकडे होत्या. शाल्मली. घरकामाला आणि डॉक्टरांना बाहेर न्यायला येणारी नीना. आणि मंजिरीताई. डॉक्टरांच्या ऑपरेशनांना पंचवीस वर्षं भूल देणारी, अलकाताईंची जिवाची मैत्रीण. दोघी एकाच आर्ट क्लासला जायच्या.

काल नऊ ते एक डॉक्टर आणि नीना डोळ्यांच्या हॉस्पिटलात होते. दहाला मंजिरीताई उद्यासाठी केळीची पानं ठेवून गेल्या. बाराला शाल्मली कॉव्हेंट्रीहून आली आणि तासभर घरात एकटी होती.

नीना किचनमध्ये फ्रीज पुसत होती. मूळची वसईची, तोंड चालू तर हातही चालू.

“मी कशाला बदलू? मी धूळ पुसते. चित्र बघायला मला वेळ कुठाय?” असं म्हणत तिनं मेथीचा डबा घेतला आणि त्यावर नाव चिकटवायला ड्रॉवरमधून मायक्रोपोरचं भेंडोळं काढलं. ह्या घरात मायक्रोपोर सगळ्याला चालायचं. डब्याला, वायरीला, फाटलेल्या पत्रिकेला. “हे एक बघा. टोक सापडेल तर शपथ. मीच चिकटवते आणि मीच नखं तोडून घेते.”

“शाल्मलीला सापडतं का टोक?” श्रीनिवासनं विचारलं.

“ती? ती दातानं तोडते. उंदरासारखी.”

नीनानं वैतागून भेंडोळं ठेवलं आणि ओट्यावरचा लांबडा पुडा जवळ ओढला. वर्तमानपत्रात गुंडाळलेली केळीची पानं. एका झटक्यात पट्टी ओढली, पुडा उघडला, पानं पाण्याखाली धरली. श्रीनिवासनं तेही बघितलं आणि हेही बघितलं, पण मेंदूत काही पेटलं नाही. पेटायला जरा वेळ लागतो ह्या वयात.

तो परत डॉक्टरांपाशी जाऊन बसला.

“लातूरकरांचं सांगा काहीतरी,” तो म्हणाला. खरं म्हणजे त्याला त्यांना बोलतं करायचं होतं.

“अलका सांगायची तेवढंच मला येतं.” डॉक्टर भिंतीकडे, म्हणजे भिंतीच्या कडेकडे बघत म्हणाले. “गरीब होता. पॅरिसला म्युझियममध्ये बसून जुन्या लोकांच्या चित्रांच्या कॉप्या करायचा आणि विकायचा. वर्षानुवर्षं. तिथंच एक मुलगी कॉप्या करायला यायची. व्हिक्टोरिया. तिच्याशी लग्न केलं. उन्हाळ्यात नॉर्मंडीत तिच्या माणसांच्या घरी जायचे, बागेतली फुलं आणायची आणि कोमेजायच्या आत रंगवायची. त्याची फुलं फ्रान्समध्ये कुणी विचारली नाहीत. सगळी इथं, इंग्लंडमध्ये खपली. अलका म्हणायची, आपल्यातलाच आहे, तिकडे किंमत नाही आणि इकडे नोकरी.”

“आणि बायको?”

“तीही फुलंच काढायची. उत्तम. तो गेल्यावर तिनं काय केलं, माहितेय? त्याच्या एकूण एक चित्राची यादी केली, छापली. त्याच्या चित्रांची हं. स्वतःच्या नाही.” ते थांबले. “अलकाला ह्याचा फार राग यायचा.”

बाहेर कुणीतरी लॉन कापायला लागलं. डॉक्टर हसले, एवढंसं.

“आणि माझ्या सगळ्या बटरच्या सुऱ्या तिनं त्यापायी वाया घालवल्या. तो फुलांच्या मागची भिंत नुसती रंगवत नसे, सुरीनं खरवडायचा. म्हणजे मागे हवा हलल्यासारखी वाटते म्हणे. झाला बाईंचा खरवडायचा कार्यक्रम सुरू. एकदा टोस्टला राखाडी रंग लागला होता. मी खाल्ला.”

श्रीनिवासही हसला. मग हसता हसता त्याचं तोंड तसंच राहिलं.

तो उठून जिन्याकडे गेला. जिन्याच्या भिंतीवर अलकाताईंची जुनी चार चित्रं होती, सगळी त्यानंच फ्रेम केलेली. डेलिया, कण्हेर, दोनदा गुलाब. त्यानं प्रत्येकाच्या मागच्या भिंतीवरून बोट फिरवलं. खरवडलेली. खडबडीत. चारही.

मग पुढच्या खोलीतलं कालचं ‘खोटं’ चित्र. बोट फिरवलं. खरवडलेलं. इतरांपेक्षा जोरात, जणू सुरी मुठीत धरून कुणी रागानं ओढलीय.

आणि जे गेलं, जे दोन वर्षं इथं होतं? ते फ्रेम करताना मऊ ब्रशनं त्याची धूळ त्यानंच झटकली होती. भिंत आरशासारखी गुळगुळीत. त्यानं अलकाताईंना चिडवलंही होतं, “काय ताई, लातूरकरांना आता प्लास्टर परवडायला लागलं वाटतं!” एरवी त्या दोन टोले परत द्यायच्या. त्या दिवशी नुसत्या म्हणाल्या, “चहा घेतोस का?” तेव्हा त्यांचं केमो चालू होतं. बोटांच्या टोकांना मुंग्या, मग बधिरपणा. कप दोन्ही हातांनी धरायच्या.

श्रीनिवास परत जिन्याकडे आला.

कालपासून भिंतीवर आहे ते अलकाताईंचं होतं. आणि वर्षभर रोज सकाळी चहाच्या आधी डॉक्टर ज्याला हात लावत होते, ते अलकाताईंचं नव्हतंच.

तेवढ्यात किचनमधून नीना ओरडली, “ही पानं बांधायची पद्धत कुणाची हो? टोक दुमडून ठेवलंय. किती बरं पडतं!”

४

मंजिरीताईंचं घर दहा मिनिटांवर. दार उघडलं आणि श्रीनिवासचा चेहरा बघून त्या आत वळल्या, या म्हणाल्या नाहीत, जा म्हणाल्या नाहीत.

“भूल दिल्यावर पेशंटच्या डोळ्यांवर पट्टी लावतात ना, ताई?” तो सोफ्यावर बसत म्हणाला. “मागे माझा हर्निया झाला तेव्हा ऐकलं होतं.”

“लावतात. डोळे उघडे राहू नयेत म्हणून.”

“आणि टोक दुमडून ठेवतात.”

“म्हणजे काढताना पापणी ओढली जात नाही.” त्या त्याच्यासमोर बसल्या. सत्तरीच्या, ताठ, केस कापलेले. “इतकी वर्षं केलं. हात आपोआप जातो.”

“गाढवाची मान कापलीत माझ्या.”

“बघितलं. चांगलं काढलं होतंस.” आणि एवढं बोलून त्यांचा ताठपणा संपला. त्या उठल्या, सोफ्याच्या मागून ऑपरेशन थिएटरच्या हिरव्या कापडात गुंडाळलेलं चित्र काढलं आणि त्याच्या मांडीवर ठेवलं. गुळगुळीत भिंत. नाजूक पाकळ्या. वर डाव्या कोपऱ्यात काळा ठिपका.

“दोघींनी एकाच दुकानातून दोन सारखे कॅनव्हास आणले,” त्या म्हणाल्या. “शेजारी बसून एकच चित्र उतरवायला घेतलं. तिला ब्रश धरता येईना. मी पट्टीनं बांधून दिला हाताला. एक दिवस तिनं बघितलं स्वतःचं, माझं बघितलं, आणि म्हणाली, ‘मंजू, गिरीशला कळता कामा नये की माझे हात गेले. हातांचा डॉक्टर आहे तो. मरेल.’ मी माझं तिला दिलं. ते तिचं म्हणून तुझ्याकडे आलं, भिंतीवर लागलं. लोकांनी वाहवा केली, तिनं खाली मान घालून ऐकली. तिचं मला दिलं आणि म्हणाली, फेकून दे.”

“फेकलं नाहीत.”

“कसं फेकू? शेवटचं आहे तिच्या हातचं.” मंजिरीताईंनी डोळ्यांना पदर नव्हता म्हणून कार्डिगनची बाही लावली. “ती गेल्यावर मी दर आठवड्याला जायची. तो माझ्या चित्राखाली बसून तिच्याशी बोलायचा. मला सहन होईना रे. वाटलं, निदान वर्षश्राद्धाला तरी तिचं तिथं असू दे. त्याला मधलं दिसत नाही. कळणार नाही. बोटानं कळेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. ठिपका... तिनं तिच्या चित्राला दिलाच नव्हता.”

“का?”

“तीट सुंदर गोष्टीला लावतात, म्हणाली.”

मग श्रीनिवासनं सोमवारच्या बाईचं, कॉव्हेंट्रीच्या होमचं, सगळं सांगितलं. मंजिरीताईंनी गाडीची किल्ली उचलली.

“होम? मला कुणी बोललं नाही! मी आत्ता जाते. सांगते सगळं.”

“काय सांगाल? की डॉक्टर, तुमचं डोकं ठीक आहे, फक्त वर्षभर तुम्ही ज्याच्याशी बोललात ते मी काढलेलं होतं?”

त्या उभ्या होत्या त्या परत बसल्या.

“मग काय करायचं? गप्प बसलं तर घर जातं. बोललं तर अलका जाते. परत.”

श्रीनिवास चित्र कापडात गुंडाळत होता. सावकाश, चारही कोपरे.

“ताई, हे काम कुणी केलं असेल म्हणून डॉक्टरांनी पहिला फोन कुणाला लावला?”

५

रविवारी गुरुजी पुण्याहून झूमवर आले आणि तीनदा गोठले. शाल्मलीनं आईच्या फोटोला हार घातला, समई लावली. पानं मांडली. नीनासुद्धा जेवायला थांबली. मंजिरीताई पानातली खीर बोटानं इकडून तिकडे करत होत्या. डॉक्टर तर खातच नव्हते. मधूनमधून अनामिकेचं टोक अंगठ्यावर घासत होते.

श्रीनिवासनं मठ्ठा संपवला, हात धुतले, व्हॅनमधून हिरवं कापड आणलं आणि सगळ्यांच्या देखत सोडलं.

“सरप्राइज,” तो म्हणाला.

आयुष्यात इतका पडलेला विनोद त्यानं केला नव्हता.

“मीच बदललं. शुक्रवारी. किचनची खिडकी ढकलली की उघडते, सोळा वर्षांपासून उघडते. म्हटलं वर्षश्राद्धाला जरा वातावरण हलकं करू. दुकानात एक कॉपी पडली होती गुलाबांची. डॉक्टरांनी फोन केला तेव्हा गंमत वाटली, मग गळ्याशी आलं. खोटी शपथ घेतली. चुकलं.”

मंजिरीताईंनी तोंड उघडलं. त्यानं त्यांच्याकडे असं बघितलं की त्यांनी ते मिटलं.

शाल्मली उठून डॉक्टरांकडे गेली, त्यांचा हात धरून चित्राच्या कोपऱ्यावर नेला. बोट ठिपक्यावर टेकलं. डॉक्टरांचा श्वास सुटला, तो सगळ्या खोलीला ऐकू आला.

“बाबा,” ती गुडघ्यांवर बसली, “तू राइट होता. माझा चूक झाला. आय ॲम सो सॉरी. मी उद्या त्या बाईला फोन करून सांगते, येऊ नको. तू इथेच राहायचं.” मग ती उठली आणि श्रीनिवासकडे वळली. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती हळू बोलली. “माझ्या आईच्या दिवसाला. तुम्ही बाबाला दोन दिवस वेडा बनवलं. आय युज्ड टु लव्ह यू, श्रीदादा. परत ह्या घरात यायचं नाही.”

“नाही येणार.”

“नाऊ. गो.”

“थांब,” डॉक्टर म्हणाले. “खिळ्यावरचं उतरवून, हे जागेवर लावून जाऊ दे त्याला. त्याचं काम आहे ते. तुम्ही सगळ्या आत जा. दार लावा.”

६

दार लागलं. श्रीनिवासनं फ्रेम उतरवून टेबलावर उलटी ठेवली. पट्ट्या काढायला वाकला, तर डॉक्टरांचे हात आधीच तिथं होते. म्हातारी बोटं कागदाच्या कडेनं सरकत सरकत गेली आणि कोपऱ्यात थांबली. दुमडलेल्या टोकावर.

त्यांनी टोक चिमटीत धरलं. सोडलं. दुसऱ्या पट्टीचं टोक. तिसऱ्या.

“पंचवीस वर्षं,” ते म्हणाले, “माझ्या पेशंटच्या डोळ्यांवर असं कोण लावत होतं, ते मला आंधळेपणी विसरायला होईल असं वाटलं तुम्हाला?”

श्रीनिवासनं चौथी पट्टी सोडवली.

“काढ ते.”

त्यानं कॅनव्हास फ्रेममधून मोकळा केला. डॉक्टरांनी तो मांडीवर घेतला आणि डोळे मिटून त्यावरून हात फिरवला. जाड ठोकळ पाकळ्यांवरून, एकेका फटकाऱ्यावरून, जसा एक्स-रे नसताना मोडलेला हात तपासतात. कुठं जोर लावलाय, कुठं सुटलाय.

“मुठीत धरला होता ब्रश,” ते म्हणाले. “नाही. बांधलेला. मनगटापासून हललाय. बोटं कुठंच नाहीत.” हात परत पहिल्या पाकळीवर आला. “हे तिचं आहे.”

“तुम्हाला माहीत होतं?” श्रीनिवासनं विचारलं. “ते दुसरं तिचं नाही, हे माहीत होतं?”

“श्री, तिच्या ब्लाउजची बटणं मी लावत होतो. सकाळी मी लावायचो, संध्याकाळी मी काढायचो. जिला बटण धरता येत नाही, ती पाकळी कशी काढेल? तिला मला सांगायचं नव्हतं, म्हणून मला कळलं नाही. एवढंच.”

“मग रोज हात कशाला लावत होता?”

“ठिपका तिचा होता ना. माझ्यासमोर लावला. सगळं अंग त्या बोटावर टाकून. तिच्या बोटाच्या रेषा आहेत त्यात, नीट लावून बघ.” ते गुलाबांवरून हात फिरवत राहिले. “शुक्रवारी मला वाटलं, तेवढंही नेलं कुणीतरी. असं दुसरं काही केलं होतं तिनं, ते मला कुणी सांगितलंच नाही. ह्याला का नाही दिला ठिपका?”

श्रीनिवासला खोटं बोलता आलं असतं. गेल्या तासाभरात त्याचा हात चांगला बसला होता.

“सुंदर गोष्टीला तीट लावतात, म्हणाल्या.”

डॉक्टरांनी मान हलवली. मग म्हणाले, “पानांवरची एक वाटी आण. कोरडी.”

स्टीलची वाटी त्यांनी समईच्या ज्योतीवर उपडी धरली. हात अजिबात हलत नव्हता, सर्जनचा हात. वाटीच्या पोटात काळं धरलं. त्यांनी अनामिका त्यात फिरवली, डावा वरचा कोपरा दुसऱ्या हातानं चाचपला आणि बोट टेकलं. दाबलं. सगळं अंग त्यावर टाकून.

“काजळी आहे, डॉक्टर,” श्रीनिवास म्हणाला. “टिकणार नाही. पुसली जाईल.”

“मग उद्या परत लावीन. कामच काय आहे मला.” त्यांनी वाटी खाली ठेवली. “हे लाव भिंतीवर. आणि ते मंजिरीला परत दे. म्हणावं, त्यावर खाली नाव घाल. स्वतःचं. अलकालाही तेच हवं असणार. ठिपका राहू दे म्हणावं. मी येत जाईन हात लावायला.”

“आणि शाल्मलीला?”

“उद्याचा सोमवार जाऊ दे. मग मी सांगेन, माझ्या पद्धतीनं. तोवर तू हरामखोर.”

“जमेल.”

श्रीनिवासनं चित्र लावलं, पातळी बघितली, मंजिरीताईंचं हिरव्या कापडात गुंडाळून काखेत मारलं. डॉक्टर दारापर्यंत आले, भिंतीला एक हात लावून. दुसऱ्या हातानं त्यांनी त्याचा गाल चाचपला, दोनदा थोपटला आणि बाजूला झाले. पॅसेजमध्ये शाल्मलीनं मान फिरवली. कुणी बाय म्हटलं नाही.

नॉर्थ सर्क्युलर रोडवर ट्रॅफिक तुंबला होता. पुढच्या लॉरीच्या लाल दिव्यांकडे बघून कंटाळला तेव्हा श्रीनिवासची नजर आरशात गेली, आणि त्याला दिसलं. डाव्या गालावर, कानाच्या जरा खाली, काळा ठिपका. पाहिजे त्या जागी, नेमका.

मागचा हॉर्न वाजवायला लागला. त्यानं डोळे पुसले, गाल नाही, आणि गाडी पुढे घेतली.